वाटलं हा शब्द खोडल्यावर

पहिल्या पटकथेची पहिली बारा पानं घेऊन मी गेलो तेव्हा डायरेक्टरने ती माझ्यासमोरच वाचायला घेतली. कोथरूडमधला त्याचा भाड्याचा फ्लॅट, जमिनीवर गादी, भिंतीला टेकवलेला सायकलचा पंप, आणि हातात लाल पेन. तो माझ्यापेक्षा अकरा वर्षांनी लहान, मला दादा म्हणायचा. एक शब्द न बोलता तो पानांवर गोल करत गेला, करत गेला आणि शेवटी पानं माझ्याकडे सरकवून म्हणाला, "दादा, मोजा." मी मोजले. ४३ गोल. प्रत्येक गोलात एकच शब्द होता, वाटलं. त्याला वाटलं मागे कोणीतरी आहे, तिला वाटलं दार आपणच लावलं होतं, त्याला वाटलं हा वास ओळखीचा आहे.

"हे वाटलं मी कॅमेऱ्याला कसं सांगू?" असं त्याने विचारलं, आणि अगदी सरळपणे विचारलं हां, टोमणा नव्हता त्यात. पण मला राग आला. पंधरा वर्षं मी भयकथा आणि रहस्यकथा लिहीत होतो आणि ती पंधरा वर्षं ह्याच शब्दावर उभी होती. घरी येईपर्यंत डोकं तापलेलं होतं. मग रात्री अकराला स्वयंपाकघरातल्या टेबलावर तीच बारा पानं घेऊन बसलो आणि लक्षात आलं की पोरगा बरोबर आहे. गेल्या सहा-सात वर्षांत मी जे शिकलो ते सगळं ह्या एका शब्दाच्या मागेपुढेच आहे म्हणून सुरुवात इथून केली.

आता थोडं मागचं सांगतो.

मी वाढलो नारायण पेठेत. घरात पुस्तकं फार नव्हती पण कोपऱ्यावर वाचनालय होतं, महिन्याची वर्गणी भरली की रोज एक पुस्तक बदलून मिळायचं. तिथे एक अख्खा घोडा, म्हणजे पुस्तकांची मांडणी, रहस्यकथांचा होता. बाबुराव अर्नाळकरांच्या हजारावर रहस्यकथा आहेत असं वाचनालयातले काका सांगायचे तेव्हा मला ती थाप वाटायची, पुढे कळलं की आकडा खरा आहे. सुहास शिरवळकर तर आमच्या पुण्याचेच, त्यांची पुस्तकं पोरं लायनीत नंबर लावून न्यायची. आणि भयकथावाले नारायण धारप. धारपांचं पुस्तक मी पहिल्यांदा आठवीत वाचलं आणि त्या रात्री मोरीत जायला आईला उठवलं. ते पुण्यात राहतात, आपल्याच शहरात, आपण पितो तेच पाणी पितात आणि असलं लिहितात ह्याचंच मला केवढं अप्रूप होतं. २००८ मध्ये ते गेले, तोवर माझ्या चारपाच कथा छापून आल्या होत्या पण भेटायला जायचं धाडस मी केलं नाही, ते राहून गेलं ते गेलंच.

भीतीचं दुसरं शिक्षण घरातून झालं. १९७६-७७ ला जोशी-अभ्यंकर खून प्रकरण घडलं तेव्हा बाबा कॉलेजात होते. चौदा-पंधरा महिन्यांत दहा माणसं मारली गेली. बाबा सांगायचे की संध्याकाळी दिवेलागणीला रस्ते रिकामे व्हायचे, कायम उघड्या असणाऱ्या वाड्यांच्या दिंड्या आतून बंद व्हायला लागल्या आणि दार वाजलं की घरातली माणसं एकमेकांकडे बघायची. आरोपींना १९८३ मध्ये येरवड्यात फाशी झाली, मी तेव्हा तीन वर्षांचा. पण आमच्या घरात त्यानंतरही कित्येक वर्षं बेल वाजली की आजी आधी विचारायची, "कोण?" आणि उत्तर येईपर्यंत कडीवरचा हात काढायची नाही. त्या खुनांवर मी कधी लिहिलं नाही आणि लिहिणारही नाही, त्या घरांतली माणसं अजून ह्याच शहरात आहेत. पण तो कडीवरचा हात मात्र माझ्या प्रत्येक कथेत कुठे ना कुठे आहे.

पहिली कथा २००४ च्या एका दिवाळी अंकात आली. मानधन तीनशे रुपये, मनीऑर्डरने. तेव्हा भोसरीला एका कंपनीत अकाउंट्सला होतो, बसमध्ये दीड तास जायला आणि दीड तास यायला, त्या तीन तासांत गुडघ्यावर वही ठेवून लिहायचो. दिवाळी अंक नसते तर मराठीत भयकथा जगलीच नसती असं माझं ठाम मत आहे. १९०९ ला का. र. मित्रांनी मनोरंजन मासिकाचा पहिला दिवाळी अंक काढला तिथपासून कथेला ही एक हक्काची जागा मिळाली, आणि गूढकथेला तर अनंत अंतरकरांच्या नवल मासिकाने वेगळं घरच करून दिलं. अप्पा बळवंत चौकात जुन्या पुस्तकांच्या गठ्ठ्यांत नवलचे जुने अंक मिळायचे, पानं पिवळी, कडा कुरतडलेल्या, मी पगारातून तेच घ्यायचो.

पुस्तकं पुढे आली, सात आली. हजार-हजारच्या आवृत्त्या, काही संपायला तीन वर्षं लागली आणि एक सहा महिन्यांत संपली. पत्रं यायची. एका बाईंनी लिहिलं होतं की तुमची कथा वाचल्यापासून मी सासरच्या माजघरातला आरसा उलटा करून ठेवलाय. ते पत्र मी अजून जपून ठेवलंय.

गुन्हेकथेकडे वळलो ते एका रिटायर हवालदार काकांमुळे. आमच्याच सोसायटीत राहतात, पर्वती पायथ्याला. माझी एक कादंबरी वाचून त्यांनी बोलावून घेतलं आणि चहा पुढे ठेवून विचारलं, "विहिरीत बॉडी मिळाली आणि तुझा इन्स्पेक्टर लगेच खून म्हणून मोकळा झाला? असं कोण करतं?" मग त्यांनी सांगितलं की अशा वेळी आधी अकस्मात मृत्यूची नोंद होते, दोन पंच बोलावून इन्क्वेस्ट पंचनामा होतो, बॉडी ससून हॉस्पिटलला जाते, आणि पोस्टमॉर्टेममध्ये काही निघालं तरच पुढे गुन्हा दाखल होतो. व्हिसेरा, म्हणजे तपासायला काढलेले आतले अवयव, प्रयोगशाळेत गेला की रिपोर्ट यायला किती काळ जाईल ह्याचा भरवसा नाही, आठवडे जातात, महिने पण जातात. पुण्याच्या मे महिन्यात बॉडी ताठ होणं आणि परत सैल पडणं हे थंडीपेक्षा किती लवकर होतं हेही त्यांनीच सांगितलं, आणि पंच म्हणून उभं राहायला लोक कसे टाळाटाळ करतात, चहाच्या टपरीवरचा माणूस पोलिसांची गाडी बघून शटर कसं ओढतो, ते पण. ती संध्याकाळ माझ्यासाठी कुठल्याही पुस्तकापेक्षा मोठी होती. त्यानंतरचं एकही हस्तलिखित मी काकांना दाखवल्याशिवाय पाठवलेलं नाही.

आता सिनेमा. २०१८ च्या ऑक्टोबरमध्ये तुंबाड आला. धारपांच्या कथेतून त्याचं बीज आलं हे त्या सिनेमाच्या डायरेक्टरनेच सांगितलेलं होतं, आणि आम्हा भयकथावाल्यांना जे कित्येक वर्षं मनातून माहीत होतं ते इतरांना एकदम दिसलं, की ह्या जुन्या दिवाळी अंकांत, वाचनालयांच्या घोड्यांवर खजिना पडलाय. मला मात्र एक गोष्ट टोचत राहिली. धारप जाऊन तेव्हा दहा वर्षं झाली होती. शिरवळकरांच्या दुनियादारीवर सिनेमा आला २०१३ ला आणि ते गेले २००३ ला, म्हणजे तिथेही दहाच वर्षं. लिहिणारा माणूस थिएटरच्या अंधारात बसून लोकांचा श्वास अडकलेला ऐकू शकला नाही. मी बायकोला म्हटलं, मला ते ऐकायचंय. ती म्हणाली, "मग इथे बसून काय करतोयस?"

२०१९ ला त्या लाल पेनवाल्या डायरेक्टर पोराचा फोन आला, माझ्या एका कथेवर त्याला सिनेमा करायचा होता. कथा अशी, पेठेतला जुना वाडा, रीडेव्हलपमेंटला जाणार, भाडेकरू एकेक करून निघून गेलेत, आणि राहिलीय ती एक विधवा आत्या आणि तिला न्यायला आलेला भाचा. आत्याचं तान्हं मूल चाळीस वर्षांपूर्वी बारशाच्या आदल्या रात्री गेलेलं. कथेत भयाचा क्षण होता तो रात्रीचा, भाच्याला माजघरातून पाळण्याची कुरकुर ऐकू येते आणि त्याला वाटतं की... अशी सव्वादोन पानं. त्याचा घसा कसा कोरडा पडला, लहानपणीच्या कुठल्या आठवणी आल्या, पाळण्यात काय असेल ह्याचे त्याने काय काय तर्क केले. वाचकांना तो भाग फार आवडायचा. पटकथेत मी तो जवळजवळ तसाच उतरवला होता. त्यातच ते ४३ पैकी अकरा वाटलं होते.

मी रजा टाकून एफटीआयआयचा, म्हणजे पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटचा, पटकथालेखनाचा वीस दिवसांचा शॉर्ट कोर्स केला. लॉ कॉलेज रोडवरून आयुष्यभर जातोय पण त्या फाटकाच्या आत पहिल्यांदा गेलो ते एकोणचाळिसाव्या वर्षी. प्रभात फिल्म कंपनीचा जुना स्टुडिओ तिथे अजून उभा आहे. आत गेल्यावर छत इतकं वर की आवाज परत यायला वेळ लागतो असा भास होतो. वर्गात मी सगळ्यात मोठा, बाकी पोरंपोरी पंचविशीतले. तिथे शिकलेली एकच गोष्ट सांगतो कारण ती मला सगळ्यात उपयोगी पडली. सरांनी आम्हाला एक साधा प्रसंग दिला, एक बाई नवऱ्याला सोडून जायचं ठरवते, आणि सांगितलं की तिने काही बोलायचं नाही, रडायचं नाही, पत्र लिहायचं नाही, बॅग भरायची नाही. फक्त घरातली एक वस्तू वापरा. माझ्या शेजारच्या मुलीने लिहिलं की ती बाई दोन कप चहा टाकते, गाळते, आणि एक कप परत पातेल्यात ओतते. बस. वर्गात कोणी बोललं नाही बराच वेळ.

त्या संध्याकाळी मी चालत घरी आलो, लॉ कॉलेज रोड, डेक्कन, लकडी पूल, सगळं चालत, आणि डोक्यात एकच, माझ्या माजघरात वस्तू कुठली आहे?

ती सापडायला पाच आठवडे लागले, आणि सापडली आईमुळे. ती कोणाच्या तरी बारशाचं बोलत होती. आमच्याकडे बारशाला बाळाला पाळण्यात घालायच्या आधी वरवंटा घालतात, त्याला टोपडं घालून, कुंची घालून, बाळासारखं नटवून. पाटा-वरवंटा पाचवीच्या पूजेलाही मांडतात. मी शंभर वेळा बघितलेलं, हसत हसत बघितलेलं. आणि आई सहज म्हणाली, "ज्या घरात बारसं राहून जातं ना, तिथला तो वरवंटा कोणी परत वाटायला घेत नाही रे." हा कुठला शास्त्रार्थ नाही, आमच्या आईच्या घरची समजूत असेल फक्त, पण माझ्या अंगावर काटा आला.

ती सव्वादोन पानं मी फेकून दिली. त्या जागी हे आलं. सीन चार, दुपार, भाचा सामान हलवतोय, भिंतीला टेकवलेला पाटा, त्यावर बोटभर धूळ, वरवंटा दिसत नाही. तो आत्याला विचारतो वरवंटा कुठंय, आत्या ऐकू न आल्यासारखं करून डाळ निवडत राहते. सीन सतरा, भाचा मिक्सरमध्ये चटणी करतो, आत्या ताटातली चटणी बोटाने बाजूला सारते. सीन एकतीस, रात्र, माजघर. पाळणा हलतोय. भाचा वाकून बघतो. आत वरवंटा आहे, त्याला टोपडं घातलंय. तो हात लावतो. टोपडं ओलं आहे, डोक्याला घाम आल्यावर तान्ह्या बाळाचं होतं तसं. कट. संवाद नाही, वाटलं नाही, सगळं मिळून सहा ओळी.

डायरेक्टरला फोनवर वाचून दाखवलं. तो काही बोलेना. मला लाईन गेली असं वाटून हॅलो हॅलो केलं तर तो म्हणाला, "दादा, आहे मी. दिवा लावायला उठलोय."

इथे एक तांत्रिक गोष्ट सांगून ठेवतो कारण नवीन लिहिणारे हमखास अडकतात. पटकथेचं एक पान म्हणजे पडद्यावर एक मिनिट असं सगळीकडे सांगतात, पण ते गणित इंग्रजीतल्या कुरिअर फॉन्टचं आहे, १२ पॉइंटचं. देवनागरीत ते जुळत नाही, फॉन्ट बदलला की पानं बदलतात. आणि भयपटात तर अजूनच नाही, माझ्या त्या सहा ओळी पडद्यावर जवळजवळ चार मिनिटं चालतात. मी आता मोबाईलचं स्टॉपवॉच लावून, घरात फिरून, उठून बसून प्रत्येक सीन करून बघतो. बायकोला सवय झालीय, रात्री एकला मी माजघर समजून हॉलमध्ये वाकून बघत असतो.

मग कोविड आला आणि त्या सिनेमाचा प्रोड्युसर मागे हटला, स्क्रिप्ट दोन वर्षं तशीच पडून. ह्या काळात ऑडिओसाठी एक मालिका लिहिली, दहा भागांची, आणि ते काम मला पडद्याइतकंच शिकवून गेलं. तिथे दिसत काहीच नाही, फक्त ऐकू येतं, त्यामुळे कडी, बिजागरी, पाण्याचा थेंब, चपलेचा एक पाय ओला असला तर होणारा आवाज, ह्या सगळ्याचा विचार करायची सवय लागली.

आता जे सांगणार आहे ते सांगताना अजूनही त्रास होतो पण सांगायलाच हवं. २०२१ ला मुंबईच्या एका प्रॉडक्शन हाऊसकडून माझ्या एका गुन्हेकथेवर वेब सिरीज लिहिण्याचं काम आलं. नाव घेत नाही. डेक्कन क्वीनने सव्वासातला निघायचो, दादरला उतरून लोकल पकडून अंधेरी, दोन तास नरेशन, परत रात्री पुण्यात. नरेशन म्हणजे काय हे कादंबरीवाल्याला आधी कळतच नाही. अख्खी गोष्ट तोंडाने सांगायची, समोरची चार माणसं फोन बघतायत, मध्येच कोणी उठून जातंय, आणि तुम्ही तिसऱ्या एपिसोडच्या खुनाला आलेले असता तिथून सूर न सोडता पुढे न्यायचं. ते मी शिकलो, आणि आता मला ते आवडतं, आपल्या कीर्तनकारांची परंपराच आहे ना ती, पूर्वरंग लावायचा, आख्यान रंगवायचं, माणसाला जागेवरून उठू द्यायचं नाही.

कॉन्ट्रॅक्ट आलं एकतीस पानांचं, इंग्रजीत. साइनिंगचे पैसे मिळाले, दहा टक्के टीडीएस कापून. बाकीचे हप्ते ठरले ते स्टेप आउटलाइन (सीनवार आराखडा), पहिला ड्राफ्ट, फायनल ड्राफ्ट असे, आणि प्रत्येक हप्त्यापुढे एक शब्द होता, अप्रूव्ह झाल्यावर. मी तो वाचला आणि सोडून दिला. चौदा महिने काम केलं. पाच ड्राफ्ट. दर वेळी उत्तर यायचं, खूप छान झालंय, फक्त अजून थोडं. थोडं म्हणजे काय ते कोणी सांगेना. नाही असं कोणीच म्हणालं नाही, हो असंही कोणी लिहून दिलं नाही. पंधराव्या महिन्यात फोन उचलणं बंद झालं. मला मिळाला तो फक्त साइनिंगचा हप्ता. त्या चौदा महिन्यांत मी नोकरी सोडली होती, मुलीची दहावी होती, आणि बायकोच्या पगारावर घर चाललं. ती एकदाही बोलली नाही, पण बोलली असती तर मला सोपं गेलं असतं.

शेवटी शिवाजीनगर कोर्टात प्रॅक्टिस करणाऱ्या एका वर्गमित्राने ते कॉन्ट्रॅक्ट वाचलं आणि मला समोर बसवून कॉपीराइट कायदा समजावला. १९५७ चा कायदा, २०१२ ला त्यात मोठी दुरुस्ती झाली. करारात मुदत लिहिली नसेल तर हक्क पाचच वर्षांसाठी दिलेत असं धरतात. घेतलेले हक्क एक वर्षात वापरले नाहीत आणि करारात वेगळं काही लिहिलेलं नसेल तर ते परत लेखकाकडे येतात. करार करताना जे माध्यम अस्तित्वातच नव्हतं त्याचे हक्क नाव घेतल्याशिवाय जात नाहीत. सिनेमात वापरलेल्या लिखाणावर थिएटरबाहेर जो पैसा होतो त्यातला रॉयल्टीचा हक्क लेखकाला सोडून देताच येत नाही, सही केली तरी. मी नुसता ऐकत बसलो. पण माझ्या करारात मुदतही होती आणि वर्षाची अटही वेगळी लिहून काढून टाकलेली होती, म्हणजे लिहिणाऱ्याने कायदा नीट वाचूनच लिहिलं होतं. माझ्यासारख्याने वाचला नव्हता एवढंच.

त्यानंतर मी तीन गोष्टी पक्क्या केल्या. मुंबईच्या स्क्रीनरायटर्स असोसिएशनचा मेंबर झालो, आणि नरेशनला जायच्या आधी कथा, बाईबल (म्हणजे सिरीजची पात्रं आणि गोष्ट मांडणारा आराखडा), जे काही असेल ते तिथे ऑनलाइन रजिस्टर करतो. त्याने कल्पनेला संरक्षण मिळत नाही, कल्पना कोणाचीच नसते, पण ह्या तारखेला ही मांडणी माझ्याकडे होती ह्याचा पुरावा राहतो. दुसरं, हप्ता ड्राफ्ट अप्रूव्ह झाल्यावर नाही, ड्राफ्ट दिल्यावर. आणि तिसरं, एकवीस दिवसांत लेखी नोट्स आल्या नाहीत तर ड्राफ्ट मान्य झाला असं समजायचं, हे वाक्य करारात हवंच. दोन ठिकाणी ह्या वाक्यामुळे काम गेलं. जाऊ दे.

तिसऱ्या ठिकाणी टिकलं, आणि ती आत्ताची सिरीज. आठ एपिसोड, चार लेखक, कर्वेनगरच्या एका फ्लॅटच्या भिंतीवर कार्डं लावलेली. गोष्ट पुण्यातली आहे. खडकवासला धरणातून पाणी सोडलं की नदीपात्रातला रस्ता आणि भिडे पूल पाण्याखाली जातो, पाणी उतरतं तेव्हा गाळात एक बॉडी मिळते. जुलै २०२४. इथपर्यंत सगळं छान चाललेलं. तिसऱ्या एपिसोडला इन्स्पेक्टरचा डायलॉग होता, तीनशे दोन लावा. मी सवयीने हवालदार काकांना वाचून दाखवला.

काका म्हणाले, "तीनशे दोन? १ जुलैपासून भारतीय न्याय संहिता आली. आता खुनाला एकशे तीन. नव्या कायद्यात तीनशे दोन म्हणजे धार्मिक भावना दुखावणारं बोलणं." मी कपाळावर हात मारला. कर्वेनगरच्या फ्लॅटवर येऊन बाकीच्या लेखकांना सांगितलं तर काही म्हणाले बदलून टाकू, काही म्हणाले प्रेक्षकाला एकशे तीन कळणारच नाही, तीनशे दोन ह्या आकड्यात जी धडकी आहे ती नव्या आकड्याला यायला अजून वीस वर्षं जातील. मला दोन्ही पटत होतं. परत काकांकडे गेलो. त्यांनी चष्मा काढून पुसला आणि म्हणाले, "पण लेखक, मला आधी तारीख सांगा. माणूस मेला कधी? बॉडी मिळाली तो दिवस सोडा. मेला कधी? ३० जूनला मारला असेल तर जुनाच कायदा, तीनशे दोन. १ तारखेला मारला असेल तर एकशे तीन. गुन्हा घडला त्या दिवशीचा कायदा लागतो. आणि चुकीचं कलम लावलं की बचावाचा वकील पहिल्या दिवसापासून तेच धरून बसणार."

मी तिथून घरी पळत गेलो म्हटलं तरी चालेल. कारण ही दुरुस्ती नव्हतीच, आख्खी सिरीजच होती ती. पाण्यात, गाळात दिवसचे दिवस राहिलेल्या बॉडीवरून मृत्यूचा दिवस नक्की सांगणं डॉक्टरला अवघड, आणि इन्स्पेक्टरला कलम लिहायला तो दिवसच हवाय, रात्री बाराच्या अलीकडे की पलीकडे. मग कोणी त्याला शेवटचं कधी पाहिलं, दुधाच्या पिशव्या कधीपासून दारात पडल्या, मोबाईल कधी बंद झाला, प्रत्येक साक्षीदार त्या एका मध्यरात्रीभोवती फिरायला लागतो आणि तिथेच एक जण खोटं बोलतो. सहा महिने जे जमत नव्हतं ते त्या आठवड्यात जमलं. आठही एपिसोड लिहून दिलेत, एकवीस दिवसांच्या आत नोट्स आल्यात, तीन हप्ते बँकेत जमा आहेत.

कादंबरी सोडलेली नाही, हेही सांगतो, कारण लोक विचारतात. सकाळी सहा ते आठ कादंबरी, मग पटकथा. फक्त आता कादंबरीतही वाटलं लिहिताना हात थांबतो. कधी लिहितो, कारण कागदावर त्याची जागा आहेच, माणसाच्या आत शिरायची जी सोय कथेत आहे ती कॅमेऱ्याला कधीच मिळणार नाही, आणि ती मला सोडायची नाही. पण आधी बघतो की घरात वस्तू कुठली आहे.

आणि तो वाड्याचा सिनेमा. नवा प्रोड्युसर मिळाला आणि ह्या जानेवारीत शूटिंग झालं, शनिवार पेठेतल्या एका खऱ्या वाड्यात, तोही पाडायलाच निघालेला. वरच्या मजल्यावर एक आजी अजून राहत होत्या, ऐंशीच्या पुढच्या, दिवसभर जिन्यात बसून बघायच्या आणि आमच्या पोरांना वर बोलावून गूळशेंगदाणे द्यायच्या. सीन एकतीस रात्री दीडला लागला. माजघरात पाळणा, कंदिलासारखा पिवळा लाईट, आर्टच्या मुलाने टोपडं पाण्यात बुडवून पिळून वरवंट्याला घातलं. सात टेक झाले. सातव्याला डायरेक्टर कट म्हणायचं विसरला, पाळणा हलत हलत आपोआप थांबला तरी कॅमेरा चालूच.

मी मॉनिटरमागे उभा होतो. पॅकअप झालं, लाईटवाले केबल गुंडाळायला लागले, आणि आजी जिन्याचा कठडा धरून एकेक पायरी उतरत खाली आल्या. सरळ पाळण्यापाशी गेल्या.

"झालं का रे तुमचं?"

आर्टचा मुलगा म्हणाला, "झालं आजी, उद्या सकाळी परत इथूनच सुरू."

"मग काढ ते. रात्रभर तसं ठेवायचं नाही त्याला."

त्याने माझ्याकडे बघितलं, मी मान हलवली. त्याने टोपडं काढलं, ओलं होतं ते झटकलं, घडी घालून आजींच्या हातात दिलं. त्यांनी वरवंट्यावरून पदर फिरवला, कोरडा केला, आणि पाट्यावर नेऊन ठेवला.